कातळटप्पा संपला की

पोरी,

अलंग-मदन-कुलंग या किल्ल्यांच्या ट्रेकला पहिल्यांदा निघाली आहेस, तर कातळटप्प्यांची, म्हणजे दोर लावून पार करायच्या उभ्या खडकांची, धास्ती असणारच. इंग्रजांनी सुरुंग लावून पायऱ्या उडवल्या, तिथे दोराशिवाय गत्यंतर नाही. पण त्या जागी लक्ष आपसूक राहतं, भीतीच राखण करते. लक्ष सुटतं ते टप्पा संपल्यावर. पुढे कड्याला बिलगून जाणारी अरुंद आडवी वाट, तिच्यावर घसारा, म्हणजे पायाखालून सरकणारी सुटी माती-खडी, आणि मन अजून मागच्या थरारात. पाय घसरतो तो तिथे.

म्हणून टप्पा उतरल्यावर लगेच चालायला लागू नकोस. सुरक्षित जागी पाच मिनिटं बस. पाणी पी, चिक्कीचा तुकडा खा, बुटांच्या नाड्या आवळ, फोन सॅकमध्ये टाक. मग पुढची दहा पावलं आधी नजरेने चालून घे: कुठला दगड पक्का, कुठे नुसता मुरूम. वाळक्या गवताला धरू नकोस, ते मुळासकट हातात येतं. दरी बघावीशी वाटली तर आधी थांब, मग बघ.

दोरावर उतरण्यापूर्वीची तपासणी हाताने कर. थकलेल्या डोळ्यांना जे असायला हवं तेच दिसतं. हार्नेसचं, म्हणजे कमरेला बांधायच्या पट्ट्याचं, बकल ओढून बघ, कॅराबिनरचा, म्हणजे दोर अडकवायच्या कडीचा, स्क्रू फिरवून मग चिमटीत दाबून बघ, दोराच्या खालच्या टोकाला गाठ आहे ना ते विचारून घे. नंतर हेच सगळं जोडीदाराला तपासू दे. मधेच कुणी हाक मारली तर उरलेलं पूर्ण करू नकोस, पहिल्यापासून सुरू कर. अर्धवट बांधलेली गाठ मन पूर्ण झाली असं धरून चालतं, आणि हा धोका मला घसाऱ्याहून मोठा वाटतो.

पाणी माणशी तीन-चार लिटर हवं. तहानेची वाट न बघता दर वीस मिनिटांनी दोन-तीन घोट. ओआरएसचं मोठं पाकीट एक लिटरला एक. कमी पाण्यात दाट करून पिऊ नये. उगाच चिडचिड व्हायला लागली, एकच प्रश्न दोनदा विचारलास, लागोपाठ ठेचा लागल्या, तर लीडरला तेव्हाच सांग. सगळ्यांचा खोळंबा होईल म्हणून गप्प राहू नकोस. तुझ्यासाठी दहा मिनिटं थांबणं कुणालाही जड नाही.

आणि हेडटॉर्च सॅकच्या तळाशी नको. नवे सेल घालून वरच्या खिशात ठेव, गाव दिसत असलं तरी अंधार पडण्याआधीच डोक्याला लाव.