नव्या सभासदास: आधी घुमट, मग सिद्धान्त

आपल्या नादमंडळात तुम्ही आलात याचा मनापासून आनंद आहे. परंतु नादाने सृष्टीला आकार येतो हे आपले मूळ सूत्र पाठ करण्याआधी काही महिने तुम्ही घुमट या गोव्याच्या तालवाद्याजवळ बसावे, असे मी आग्रहाने सांगेन. मातीच्या या भांड्याचे मोठे तोंड चामड्याने मढवलेले असते, लहान तोंड उघडे असते आणि थाप देताना ते उघडे तोंड तळव्याने थोडे झाकले की आतल्या हवेचा स्वर उतरतो. पूर्वी त्यावर घोरपडीचे कातडे असे. कायद्याने घोरपडीला संरक्षण मिळाल्यावर बकऱ्याचे आले. पावसाळी हवेत हे कातडे सैल पडते, म्हणून गणेशचवथीच्या आरतीआधी ते ऊब देऊन ताणावे लागते, आणि माझ्या मते ही मशागत शिकल्याखेरीज अनुनाद, म्हणजे थापेच्या कंपनाला आतल्या हवेने घुमून दिलेली साथ, कळत नाही.

त्यानंतर पत्र्याकडे वळा. पातळ पितळी पत्रा मध्यभागी घट्ट आवळून त्यावर पणजीच्या मिरामार किनाऱ्याची बारीक, पूर्ण वाळलेली वाळू भुरभुरावी आणि कडेवरून व्हायोलिनचा गज ओढावा: वाळू थरथरत सरकते आणि जिथे कंपन नसते त्या रेषांवर गोळा होते. जर्मन भौतिकशास्त्रज्ञ अर्न्स्ट क्लाडनी यांनी या आकृत्या १७८७ मध्ये प्रसिद्ध केल्या. कडेवर बोट टेकवण्याची जागा बदलली की आकृतीही बदलते. म्हणून प्रत्येक आकृतीसोबत बोटाची जागा वहीत अवश्य नोंदवा.