‘जंगली भयपट’ की ‘आडरानातला भयपट’?

नागपुरातील एका चित्रपटप्रेमी वाचकांनी विचारले आहे की, इंग्रजीत ‘बॅकवुड्स हॉरर’ म्हणतात त्या प्रकाराला मराठीत ‘जंगली भयपट’ म्हणता येईल काय. आपल्या मंडळाच्या पत्रकासाठी त्यांनी एक ओळ केली आहे : ‘धोक्यातील महिलेवरील अल्प अर्थसंकल्पीय जंगली भयपट’.

‘जंगली’ हे विशेषण येथे चित्रपटालाच चिकटते आणि चित्रपटच उद्दाम असल्यासारखे वाटते. ‘जंगलातला भयपट’ म्हटल्याने हा दोष टळेल, परंतु दुसरी अडचण उरते. पेंच आणि ताडोबा ज्यांना सुट्टीच्या अंतरावर आहेत, त्या नागपूरकरांच्या मनात ‘जंगल’ म्हटले की पहिल्यांदा वाघ येतो, जिप्सी येते आणि पहाटेच्या फेरीचे आरक्षण येते. या चित्रपटांतील धोका मात्र श्वापदाचा नसतो, माणसाचा असतो. वाट चुकलेली किंवा गाडी बंद पडलेली बाई अशा ठिकाणी अडकते, की जिथे तिची हाक कोणाला ऐकू जात नाही आणि ज्याला जाते त्याच्यापासूनच तिला पळायचे असते. (‘जंगल’ शब्दाचे मूळही गमतीचे आहे : संस्कृतातील ‘जाङ्गल’ म्हणजे कोरडा, विरळ झाडांचा प्रदेश, आणि आयुर्वेदात तो पाणथळ ‘आनूप’ देशाच्या विरुद्ध टोकाला ठेवलेला आहे.)

इंग्रजी शब्दात झाडांइतकेच महत्त्व ‘मागे’ असण्याला आहे. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याकडून वस्ती वाढत गेली, तेव्हा मोकळ्या केलेल्या जमिनीपलीकडे उरलेले रान ते ‘बॅकवुड्स’. म्हणजे हे अंतर वस्तीपासून मोजलेले आहे. मराठीत नेमके हेच काम ‘आड’ करतो : आडवाट, आडगाव, आडबाजू आणि आडरान. (‘आडात नाही तर पोहऱ्यात कोठून’ यातला आड म्हणजे विहीर, त्याचा येथे संबंध नाही.) ‘आडरानात गाडी बंद पडली’ एवढे ऐकताच झाडे किती दाट आहेत हे कोणी विचारत नाही, जवळ वस्ती आहे का हे विचारतो. म्हणून माझी पसंती ‘आडरानातला भयपट’ या शब्दांना आहे.

‘रानटी’ मात्र कटाक्षाने टाळावा. त्या इंग्रजी शब्दात शहरी माणसाची तुच्छता आधीच मुरलेली आहे, आणि ‘रानटी’ म्हटले की ती थेट रानात राहणाऱ्यांवर जाऊन बसते. पूर्व विदर्भात असा शब्द सहज वापरण्याजोगा नाही. ‘झाडीपट’ हा शब्द सुचण्याचा मोह होईल, परंतु वाचक पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टी या भागातील नाटकांकडे वळेल.

‘भयपट’ आणि ‘थरारपट’ यांतील भेद आपल्याकडे जुन्या शास्त्रातून समजून घेता येतो. नाट्यशास्त्रात भयानक रसाची कारणे सांगताना कोल्ह्या-घुबडांची धास्ती, ओस घर आणि अरण्यात जाणे यांचा उल्लेख आहे. या प्रकाराचे नेपथ्य तिथे जवळजवळ तयारच आहे. रक्त आणि किळस आली की त्यात बीभत्स मिसळतो. सुटका होते की नाही या ओढीला ‘थरार’ म्हणावे. दोन्ही असतील तेव्हा ‘थरारक भयपट’ पुरे आहे. मध्ये जोडरेघ घालून दोन नामे शेजारी बसवण्याचे कारण नाही.

उरलेले थोडक्यात. ‘अर्थसंकल्प’ सरकारने मांडावा; चित्रपट ‘कमी खर्चातला’ असतो, आणि बोलताना ‘लो बजेट’ म्हणण्यासही हरकत नाही. ‘महिला’ हा शब्द रेल्वेच्या राखीव डब्यावर आणि शासकीय योजनांत शोभतो, येथे ‘स्त्री’ किंवा ‘बाई’ बरा. ‘अबला’ तर मुळीच नको, कारण अशा कथांत बहुधा शेवटपर्यंत तग धरते ती हीच बाई. पत्रकातील ओळ मी अशी करीन : ‘आडरानात एकट्या सापडलेल्या स्त्रीचा, कमी खर्चात काढलेला थरारक भयपट’.