तुझ्या शास्त्रात सा कुठला?

बाळा,

तुझ्या कादंबरीची वही दोनदा वाचली. पहिल्यांदा गोष्ट म्हणून, दुसऱ्यांदा पेन्सिल घेऊन. तू त्यात रचलेलं कालस्वरशास्त्र मला मनापासून आवडलं बरं का, प्रत्येक घटनेची एक तार असते आणि ती नीट लावली तर काळ न तुटता वळतो, हे सुचणं सोपं नाही. उत्तर द्यायला आठवडा लागला कारण काही जागा मला स्वस्थ बसू देत नव्हत्या, त्यांच्याबद्दलच लिहितोय.

तिसऱ्या प्रकरणात तुझी नायिका १२ जुलै १९६१ च्या पहाटे, म्हणजे पुण्याजवळचं पानशेत धरण खरोखर फुटलं त्या दिवशी, तिथे पोचते, यंत्र चालू करते, एक दणदणीत स्वर लावते आणि धरण वाचतं. दोन मिनिटांत! इथे मी अडलो. तू कधी कुणाला तंबोरा लावताना जवळ बसून बघितलंयस का? खुंटी पिळून तार साधारण जागेवर येते, खरं काम त्यानंतर, तारेत ओवलेल्या मण्याचं, तो सरकवून सूर बारीक जुळवायचा. जोडीच्या दोन तारा एकामागे एक छेडल्या की आवाज डोलायला लागतो, वॅंव वॅंव वॅंव, फिजिक्समध्ये तुम्ही बीट्स शिकलात ना तेच हे, म्हणजे एक तार सेकंदाला १४० वेळा हलतेय आणि दुसरी १४३ वेळा तर सेकंदाला ३ डोल, दुसरी १४१ वर आणली की १, आणि मग मणी अगदी केसभर सरकवायचा, श्वास रोखून, डोल लांबत लांबत जातो आणि एका क्षणी दोन तारा आहेत हेच कळेनासं होतं. यात जोर कुठेच नाही. आणि गंमत म्हणजे डोल फक्त फरक किती आहे तेवढंच सांगतो, तार चढलीय की उतरलीय ते सांगत नाही, ते थोडं सरकवून बघितल्यावरच कळतं. हे तुझ्या नायिकेला दे! जुना काळ आणि ती लावतेय तो काळ, दोन्हीतला डोल तिला ऐकू येऊ दे, आणि पहिल्यांदा मणी चुकीच्या बाजूला सरकू दे, डोल वाढू दे, तिचे हात गार पडू देत. आत्ता तुझ्याकडे सुरक्षितता म्हणजे यंत्रावर लागणारा हिरवा लाइट आहे, तो काढून टाक.

दुसरं म्हणजे एकच तार हलवायची आणि बाकीच्यांना कळूही द्यायचं नाही, असं होत नाही. १६६५ साली डच शास्त्रज्ञ हायगेन्स आजारी होता, खोलीत पडून होता, तेव्हा त्याच्या लक्षात आलं की एकाच आधारावर टांगलेली त्याची दोन लंबकाची घड्याळं आपोआप एकमेकांशी जुळतात, एकाचा लंबक डावीकडे तेव्हा दुसऱ्याचा उजवीकडे, मुद्दाम बिघडवलं तरी थोड्या वेळात परत तसंच. कारण दोघांमधलं लाकूड डोळ्याला दिसणार नाही इतकं हलत होतं. तुझ्या गोष्टीत ते लाकूड म्हणजे मुठेचं पात्र. पानशेतचं पाणी खाली आलं आणि त्याच दिवशी खालचं खडकवासला धरणही फुटलं, तू मात्र खडकवासल्याचं नावसुद्धा घेतलेलं नाहीस.

आता जिथे मला खरंच कळकळीने सांगायचंय ते. सा पासून निघ, त्याचा पंचम, म्हणजे प घे, त्या पंचमाला सा मानून पुन्हा पंचम, असं १२ वेळा कर. सात सप्तकं वर जाऊन आपण सा वर परत यायला हवं, पण येत नाही, सुमारे साडेतेवीस सेंट वर जाऊन पडतो, सप्तक १२०० सेंटचं धरलं तर. कुणाची चूक नाही, आकड्यांचाच स्वभाव आहे तो. पियानोवाल्यांनी ते उरलेलं सगळ्या पंचमांत थोडं थोडं वाटून टाकलं, प्रत्येक पंचम साधारण दोन सेंट उतरवला, म्हणून तिथे कुठलाही स्वर सा करता येतो पण पंचम शुद्ध राहत नाहीत. आपल्याकडे गवई ते वर्तुळ पुरं करायच्या भानगडीतच पडत नाही, एक सा धरतो आणि मैफल संपेपर्यंत सोडत नाही. बाकी सगळे स्वर त्या सा ला विचारून.

तुझ्या शास्त्रात हे उरलेलं जातं कुठे? धरण फुटलं नाही, ठीक, पण पाणी तर आहेच ना तिथे, पहिल्याच पावसाळ्यात भरलेल्या, काम पुरं न झालेल्या धरणात. आणि तुझ्याच वहीत नायिकेची जिवलग मैत्रीण गोखलेनगरची आहे! पूरग्रस्तांची वस्ती झाली म्हणून तिचे आजी-आजोबा तिथे शेजारी झाले, असं तूच पान ४१ वर लिहिलंयस, मग पूरच आला नाही तर ती मुलगी कुठून आली? मी ते पान वाचून बराच वेळ नुसता बसून होतो. म्हणून म्हणतो, यंत्राला हात लावायच्या आधी नायिकेने सांगितलं पाहिजे की माझा सा हा, याला मी हलवणार नाही. तो सा ही मैत्रीण असेल तर अख्खी कादंबरी बदलेल, पूर थांबवणं तिच्या हातातून जाईल आणि तिला त्यासोबत जगावं लागेल.

मग तिने करायचं काय? आदल्या रात्री लष्कराचे जवान तिथे वाळूच्या पिशव्या रचत होते हे तू वाचलं असशीलच. धरण वाचलं नाही, पण फुटलं ते रात्री लोक झोपेत असताना नाही, सकाळी फुटलं. तेवढ्या तासांनी किती माणसं वर, उंचावर पोचली असतील विचार कर. तुझ्या नायिकेला तिथे उभी कर, चिखलात, त्या पोरांच्या मागे, आणि तिचा मणी केसभरच सरकू दे. एक पिशवी जास्त, एवढंच. तिच्याशिवाय कुणाला कळणारही नाही.

रविवारी सकाळी घरी ये, तंबोऱ्याच्या तारा उतरवून ठेवतो, तो तू स्वतः लाव, मी मध्ये बोलणार नाही. वही येताना घेऊन ये, पान ४१ कोरं करू नकोस.

तुझा,
सर