मालिकेचा शिक्का बसेल का?

प्रश्न : ताई, मी मूळचा सांगलीचा. तीन वर्षं घोडबंदर रोडला एका डेली सोपवर सहायक दिग्दर्शक आहे. मला सिनेमा करायचाय. परवा एक सिनिअर म्हणाले, 'आणखी वर्षभर इथे राहिलास तर मालिकेचा शिक्का बसेल, मग सिनेमावाले दारात उभं करणार नाहीत.' सोडू का? — एक वाचक, ठाणे

उत्तर : घाईघाईत सोडू नकोस. तुझ्या सिनिअरचं म्हणणं मला अजिबात पटत नाही. असं कुणी म्हटलं की मला हटकून दिग्दर्शिका सई परांजपे आठवतात. पुणे आकाशवाणी, मग राष्ट्रीय नाट्य विद्यालय, मग दिल्ली दूरदर्शन. तिथे त्यांनी कितीतरी वर्षं काम केलं. त्यांचा 'स्पर्श' हा सिनेमा आला १९८० मध्ये, त्यांनी चाळिशी ओलांडल्यावर. सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपट, नसीरुद्दीन शाह यांना अभिनयाचा आणि स्वतः सईंना पटकथेचा, असे राष्ट्रीय पुरस्कार त्याने मिळवले. पुढच्या वर्षीच्या 'चश्मे बद्दूर'चं मूळ तर त्यांनी दूरदर्शनसाठी केलेल्या 'धुआँ धुआँ'मध्येच आहे. १९८३ मध्ये 'कथा' आला. आणि एवढं नाव झाल्यावर त्यांनी काय केलं? १९८४ मध्ये 'अडोस पडोस', १९८५ मध्ये 'छोटे बडे', दोन्ही मालिका! पुढे १९९० मध्ये गिरणी कामगारांवरचा 'दिशा' हा सिनेमा. छोट्या पडद्याला त्या कमी लेखत असत्या, तर परत आल्या असत्या का?

अर्थात तेव्हाचं दूरदर्शन वेगळं आणि आजची डेली वेगळी, हे मला कळतं. रोज वीस-बावीस मिनिटांचं फुटेज काढायचं, नुकतेच लिहिलेले सीन सेटवर ओले हातात पडणार, बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेले भाग, संपत आली की सगळ्यांचा जीव टांगणीला. पण शिकायला ह्याहून चांगली जागा मला तरी मिळाली नव्हती.

माझं मालिकेतलं पहिलं वर्ष. कंटिन्युइटी, म्हणजे एका शॉटमधलं दुसऱ्या शॉटशी जुळतंय ना हे बघणं, माझ्याकडे. नायिकेच्या उजव्या हाताला पट्टी, ती दारातून आत येते. आतला भाग आठ दिवसांनी शूट झाला आणि पट्टी डाव्या हाताला! टेलिकास्ट दुसऱ्या दिवशी. दिग्दर्शक ओरडले नाहीत. मला एडिटरशेजारी बसवलं आणि म्हणाले, 'आता तूच वाचव.' रात्री दोनपर्यंत रशेस, म्हणजे न कापलेलं सगळं फुटेज, चाळल्या. शेवटी म्हाताऱ्या सासूचा एक क्लोज-अप सापडला, नुसती बघणारी, डोळे भरलेले. तो नायिकेच्या वाक्यांवर टाकला. हात दिसलाच नाही, आणि सीन मूळ लिहिल्यापेक्षा जास्त लागला. कुणाच्या चेहऱ्यावर कट करायचा, हे मला त्या रात्री कळलं.

म्हणून तुला माझं सांगणं असं. तू फक्त कॉलशीट (कोणी किती वाजता सेटवर यायचं ते) आणि आर्टिस्टच्या तारखा सांभाळत असशील, तर मालिका बदल, माध्यम नव्हे. दिग्दर्शकांना सरळ सांग, 'सर, एखादा मॉन्टाज, छोट्या छोट्या शॉट्सची मालिका, मला करू द्या.' सुट्टीच्या दिवशी एडिटला जाऊन बस. सेटवर जाण्याआधी प्रत्येक सीनचं शॉट डिव्हिजन, म्हणजे तो कोणकोणत्या शॉट्समध्ये घ्यायचा ते, स्वतःच्या वहीत कर आणि पॅकअपनंतर दिग्दर्शकांनी काय केलं ते शेजारी लिही. त्यांचं कुठे पटलं नाही, तेही लिही. सहा महिन्यांनी त्या वहीतले तुला आवडलेले दोन सीन मला पाठव. मी नक्की वाचेन.