फिजिक्स झालंय, चित्र येत नाही. कार्टून मालिका लिहिता येतील का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा : फिजिक्समध्ये एमएस्सी, वय २९, चित्रकलेत भोपळा, लहानपण 'बेन टेन' ही कार्टून मालिका बघण्यात गेलं आणि आता कार्टून मालिकांचं लेखन आणि पुढे निर्मिती करायचीय. उशीर झाला का?

ज्या पुढच्या मालिकांत बेन मोठा झालेला दिसतो, त्या 'एलियन फोर्स' आणि 'अल्टिमेट एलियन' आठवतायत ना? ग्लेन मुराकामीच्या जोडीने त्यांची धुरा सांभाळणारा ड्वेन मॅकडफी हा तुमच्याच जातकुळीतला. डेट्रॉइटचा, मिशिगन विद्यापीठातून फिजिक्समध्ये मास्टर्स केलेला. मग न्यू यॉर्कला सिनेमा शिकायला गेला, पोटासाठी कॉपी एडिटरकी केली, तिथून मार्व्हल कॉमिक्समध्ये संपादक. १९९३ साली तिघा सहकाऱ्यांबरोबर त्याने माइलस्टोन ही कंपनी काढली, कारण कॉमिक्समधली कृष्णवर्णीय पात्रं त्याला धड वाटत नव्हती. तिथलाच 'स्टॅटिक', म्हणजे अंगात वीज खेळवणारा शाळकरी पोरगा, सप्टेंबर २०००मध्ये 'स्टॅटिक शॉक' होऊन टीव्हीवर आला. तेव्हा मॅकडफी ३८ वर्षांचा होता. तुमच्या उशिराचं उत्तर मिळालं असावं.

पुढचं जास्त महत्त्वाचं. 'जस्टिस लीग' या सुपरहिरोंच्या कार्टून मालिकेत तो घुसला तो साधा स्टाफ रायटर, म्हणजे पगारी लेखकांपैकी एक म्हणून. मग स्टोरी एडिटर, मग तिच्याच पुढच्या मालिकेचा, 'जस्टिस लीग अनलिमिटेड'चा निर्माता. दोन्ही मालिकांच्या मिळून ९१ भागांपैकी ६९ भागांवर लेखक, स्टोरी एडिटर किंवा निर्माता म्हणून त्याचा हात फिरलाय. आपल्याकडे लेखक होऊ इच्छिणाऱ्यांना मधली पायरीच माहीत नसते. स्टोरी एडिटर म्हणजे दुसऱ्यांच्या पटकथा हातात घेऊन, त्या मालिकेच्या आवाजात बसेपर्यंत पुन्हा लिहिणारा माणूस. श्रेयात नाव बहुतेकदा मूळ लेखकाचंच राहतं. ज्याला हे जमतं आणि झेपतं, त्याच्या हाती पुढे मालिका येते. स्वतःच्या गोष्टीवर जीव टाकणारे पुष्कळ भेटतात. दुसऱ्याची गोष्ट रात्रभर बसून, चिडचिड न करता सरळ करणारे फार थोडे.

चित्र येत नाही याची काळजी सोडा, पण चित्राला लागणारी मेहनत कळलीच पाहिजे. कार्टूनच्या लेखनातल्या माझ्या पहिल्या वर्षी मी एका पटकथेत बिनधास्त लिहिलं, 'सगळा गाव देवळात जमतो.' दिग्दर्शकाचा फोन : "गाव काढणार कोण? तू?" प्रत्येक माणूस कुणीतरी डिझाइन करायचा, कुणीतरी हलवायचा. शेवटी देवळाबाहेर चपलांचा ढीग दाखवला आणि आतून टाळ-मृदंगाचा आवाज. प्रसंग उलट बरा झाला, पण ती शाबासकी माझी नव्हे.

अमेरिकेत तर असे भाग स्टोरीबोर्ड झाले, म्हणजे प्रसंगांची कच्ची चित्रं ओळीने मांडून झाली, की बहुधा दक्षिण कोरियातल्या स्टुडिओंत काढायला जायचे. तिकडून तयार होऊन आल्यावर कथेतली चूक निस्तरणं महागात पडायचं. म्हणून सगळी भांडणं कागदावरच उरकायची. साधारण २२ मिनिटांचा भाग : आधी अर्ध्या पानाची कल्पना, मग प्रसंगवार आराखडा, मग पटकथा. प्रत्येक टप्प्यावर चॅनेलच्या सूचना येतात. पोरांचा कार्यक्रम म्हणून सगळं गुळमुळीतच लिहावं लागतं, असं मात्र नाही. 'स्टॅटिक शॉक'चा 'जिमी' हा भाग बघा : इतर पोरांनी छळलेला मुलगा वडिलांचं पिस्तूल शाळेत आणतो आणि गोळी लागते ती नायकाच्या जिवलग मित्राच्या पायाला. अंगात वीज असून नायकाला ते थांबवता येत नाही. मॅकडफी आणि ॲलन बर्नेट यांना त्यासाठी २००३चा ह्युमॅनिटास हा पटकथालेखनाचा पुरस्कार मिळाला.

पैशांचं विचारलंत. सुरुवातीला भागावर पैसे मिळतात, तेही रखडत. करार वाचल्याशिवाय सही करू नका, आणि स्वतःची कल्पना कुणाला ऐकवण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे तिची नोंद करा. नोकरी इतक्यात सोडू नका.

आणि आज रात्री एक काम करा. आवडत्या मालिकेचा एक भाग आवाज बंद करून बघा, दिसेल तेवढंच कागदावर उतरवा. मग आवाज लावून पुन्हा बघा आणि जे संवाद नसते तरी चाललं असतं, त्यांच्यावर काट मारा. पाचसहा भाग असे झाले की स्वतःचा आराखडा लिहायला घ्या. दोन पानांच्या आत असेल तर मला पाठवा, वाचेन. मात्र त्यात गाव जमवू नका.