पर्वरीला जायचंय ना?

प्रिय बाय,

ग्रामपंचायतीत पंच होऊन जेमतेम वर्ष झालं आणि तुझ्या मनात पर्वरीची विधानसभा. रागावलो नाही, बरंच वाटलं. शशिकलाताई काकोडकर 1973 साली मुख्यमंत्री झाल्या त्या आपल्या गोव्यात 2022 ला 40 आमदारांत बायका निवडून आल्या फक्त तीन.

आपला मतदारसंघ पंचवीस-तीस हजार मतदारांचा. महाराष्ट्रातला आमदार हे ऐकून हसतो. हसू दे, त्याला दर बारशाला जावं लागत नाही. इथे लग्न, जत्रा, बाराव्याचं जेवण, एक जरी चुकलं तरी 'आता ती मोठी झाली' असं वाडीत सुरू होतं. 2022 मध्ये सांत आंद्रेचा निकाल 76 मतांनी लागला. 76 मतं म्हणजे दोन-तीन कुटुंबांचा गोतावळा! म्हणून सकाळी सातपासून पडवीत खुर्च्या लागतात आणि निम्म्या लोकांना पोराला सरकारी नोकरी हवी असते.

या पडवीनेच आमदार म्हणून माझं पहिलं अधिवेशन खाल्लं. आमच्या नदीकाठच्या मानशीची, म्हणजे बांधातल्या पाणी अडवायच्या झडपेची, दारं कुजली होती, भरतीचं खारं पाणी खाजनात, म्हणजे बांधाआडच्या सखल शेतात, शिरून भात करपलं होतं. मी तारांकित प्रश्न, म्हणजे मंत्र्याने सभागृहात तोंडी उत्तर द्यायचा, टाकला: 'मानशी दुरुस्त करणार काय?' आदल्या दिवशी तीन लग्नं केली, कागद उघडलाच नाही. मंत्री म्हणाले, प्रस्ताव विचाराधीन आहे. पुरवणी प्रश्न सुचेना, मी खाली बसलो. गावात ते कुणी विसरलं नाही.

पुढच्या खेपेला एका म्हाताऱ्या कुळाला घेऊन ओहोटीच्या वेळी चिखलात उतरलो. दारं मोजली, फळीत बोट घातलं तर सरळ आत गेलं. मग प्रश्न असा लिहिला: दुरुस्तीचं काम कोणाला दिलं, बिल कुठल्या तारखेला अदा झालं, पाहणी कोणी केली? मंत्र्यांनी मान वळवून अधिकाऱ्यांच्या गॅलरीकडे पाहिलं. पावसाआधी नवी दारं बसली.

तेव्हा बाय, प्रश्न लिहायला आत्तापासून शीक. जुनी कामकाजं वाच. पूर्वी सभागृह पणजीच्या आदिलशहा पॅलेसात भरायचं आणि सदस्य होते 30, दमण-दीव धरून. 1964 चा कूळ कायदा त्यांनीच केला, 1975 चा मुंडकार कायदाही, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याला संरक्षण देणारा. तुझ्या आजीला भाटकाराने, म्हणजे जमीनमालकाने, घरातून काढलं नाही ते कशामुळे, विचार तिला.

पक्षांतराचं विचारलंस. दोन-तृतीयांश फुटले की ते विलीनीकरण ठरतं, आमदारकी वाचते. जुलै 2019 मध्ये काँग्रेसच्या 15 पैकी 10 जण भाजपमध्ये गेले, सप्टेंबर 2022 मध्ये 11 पैकी 8. त्याच वर्षी निवडणुकीआधी काँग्रेसने उमेदवारांना देवळात, क्रॉससमोर आणि दर्ग्यात नेऊन पक्ष न सोडण्याची शपथ दिली होती. मंत्री 12 च होऊ शकतात, बाकीच्यांना महामंडळं. तुलाही एक दिवस फोन येईल. त्या रात्री कुणाकडे जायचं ते आजच ठरवून ठेव. माझ्याकडे आलीस तर चहा मिळेल.

रविवारी पंचायतीचं अंदाजपत्रक घेऊन ये. त्यातल्या एका गटाराच्या कामावर पाच प्रश्न लिहून आण. दुपारनंतर ये, सकाळी मला एक बारसं आहे.

तुझा,
काका