झेड ब्रिजच्या आठवणींवर किती विसंबायचं?

ब्रेकअपला वर्ष होत आलं की पुण्यातल्या झेड ब्रिजवरच्या संध्याकाळी तेवढ्या आठवतात, घरी परतताना झालेली भांडणं नाहीत. रागात असशील तर नेमकं उलटं. मेंदू आठवण जशीच्या तशी काढून देत नाही, दर वेळी नव्यानं जुळवतो. १९७४ मध्ये लॉफ्टस आणि पामर या मानसशास्त्रज्ञांनी लोकांना गाड्यांच्या धडकेची फिल्म दाखवली. प्रश्न जोरकस शब्दांत विचारला की वेग जास्त सांगितला गेला, आठवड्यानं काहींना फिल्ममध्ये नसलेल्या फुटक्या काचाही आठवल्या! तुझ्या मैत्रिणी रोज ‘तो तसलाच होता’ म्हणतात ना, त्याचाही असाच परिणाम होतो. परत फोन करायच्या आधी तेव्हाचे व्हॉट्सॲप मेसेज वाच, दोघांचेही. आणि हे रात्री झोप येत नाही म्हणून करू नकोस, दुपारी कर.